सांजावलं

"सांजावलं. कोण सांजावलं?" शाळेत व्याकरणाच्या बाईंनी विचारलं आणि आम्ही चाळीस पोरं गप्प. संध्याकाळ म्हणावं, तर ती वाक्यात आहे कुठे? उजाडलं, फटफटलं, गडगडलं, मळमळलं. वाक्य पुरं आहे, काहीतरी झालेलं आहे, पण करणारा कुणी नाही. 'भावकर्तृक क्रियापद' असं फळ्यावर लिहून बाई पुढच्या पाठाकडे वळल्या. माझं मात्र तिथेच अडकलं. हेही बघा, 'माझं अडकलं'. काय अडकलं?

पुढे पुष्कळ वर्षांनी त्लोनमध्ये शिरलो तेव्हा त्या बाई आठवल्या.

त्लोन नकाशात सापडत नाही. अर्जेंटिनाचे लेखक होर्हे लुईस बोर्हेस यांनी १९४० साली 'सूर' या नियतकालिकात छापलेल्या एका कथेतला तो ग्रह. त्याच्या दक्षिण गोलार्धातल्या भाषांत नाम नावाची गोष्टच नाही. तिथे चंद्र उगवत नाही, तिथे चंद्रावतं. उत्तर गोलार्धात तर क्रियापदांचाही मान गेलेला, नुसत्या विशेषणांच्या राशी: फिकट, गोल, काळोखावरचं. भाषाच अशी, म्हणून तत्त्वज्ञानही तसंच. जग म्हणजे कुणी मांडून ठेवलेलं सामान नव्हे. मनात एकामागून एक जे उमटतं तेवढंच जग. कपाट बंद केलं की आतल्या कपड्यांचं काय होतं, हा प्रश्न तिथे वेडगळ ठरतो.

त्यांच्याकडे पाखंड आहे तेही मजेदार. मंगळवारी एक माणूस निर्जन रस्त्यावर तांब्याची नऊ नाणी हरवतो. गुरुवारी दुसऱ्याला त्यातली चार सापडतात, बुधवारच्या पावसाने जराशी गंजलेली. शुक्रवारी तिसऱ्याला तीन दिसतात आणि उरलेली दोन पहिल्याला स्वतःच्याच घराच्या ओसरीवर मिळतात. यावरून एक पाखंडी म्हणतो की नाणी मधल्या काळातही होतीच, कुणी पाहत नसताना. आपल्याला हे सांगायचीही गरज वाटणार नाही. त्लोनमध्ये मात्र यावरून गहजब होतो. बहुतेकांना वाक्याचा अर्थच कळत नाही, कारण 'हरवणं' आणि 'सापडणं' हे शब्दच नाणी टिकून राहतात असं आधी धरून चालतात.

आणि ती पेन्सिल. दोघे जण हरवलेली पेन्सिल शोधतात. पहिल्याला मिळते, तो बोलत नाही. दुसऱ्यालाही मिळते; दुसरी, पण तितकीच खरी, आणि त्याच्या मनातल्या पेन्सिलीशी जास्त जुळणारी. अशा वस्तूंना तिथे 'ह्रोन' म्हणतात. आमच्या आईला हे फार नवं वाटलं नसतं. "नीट बघ, तिथेच असेल" असं ती ठासून सांगायची आणि चष्मा तिथेच निघायचा. मी तिथे तीनदा पाहिलेलं असायचं.

हे सगळं वाचून आपल्याला चांगदेव पासष्टी आठवते. चांगदेवांच्या कोऱ्या पत्राला ज्ञानदेवांनी ६५ ओव्यांत उत्तर दिलं. द्रष्टा, दृश्य, दर्शन ही तिन्ही टोकं तिथेही विरघळतात आणि आरसा तिथेही येतो. म्हणून कुणी लगेच 'हे आमच्याकडे आधीच होतं' म्हणेल. म्हणू नये. चांगदेव पासष्टीत भेटीची ओढ आहे, दोघांतलं अंतर मिटल्याचा आनंद आहे. त्लोनमध्ये भेटायला कुणी उरत नाही. तिथली हवा दुपारी तीनची आहे, झोपलेल्या हॉटेलातली.

हे हॉटेल खरोखरीचं होतं. बुएनोस आयरेसच्या दक्षिणेला, कोन्स्तितुसिओन स्टेशनातून गाडीने जायचं असं आद्रोगे नावाचं झाडांचं गाव आहे. बोर्हेस कुटुंब उन्हाळा तिथे काढायचं. निलगिरीचा वास जगात कुठेही आला की आपण आद्रोगेत असतो, असं बोर्हेस म्हातारपणीही सांगत. कथेत हर्बर्ट ॲश नावाचा एक अबोल इंग्रज रेल्वे इंजिनियर याच गावच्या हॉटेलात राहतो. भोवती मधुमालतीसारख्या सुगंधी वेली, भिंतींवर खोटी खोली दाखवणारे आरसे. १९३७ च्या सप्टेंबरात तो मरतो. मरणाआधी ब्राझीलहून त्याच्या नावे आलेलं एक जाड पुस्तक तो हॉटेलच्या बारमध्येच विसरून गेलेला असतो: त्लोनच्या ज्ञानकोशाचा अकरावा खंड, १००१ पानांचा. एका ग्रहाचा अख्खा मुलूख मोकळ्या खुर्च्यांच्या बारमध्ये पडून राहतो. त्लोनचा गूढपणा ग्रहातला नाही, या बारमधला आहे, असं मला वाटतं.

त्लोनसारख्या विचारांची गोडी बोर्हेसना घरातच लागली होती. वडील मुलाला बुद्धिबळाच्या पटावर ग्रीक तत्त्वज्ञ झेनोची कोडी समजावत. ना अवघड नावं, ना ग्रंथ. १९५५ साली राष्ट्रीय ग्रंथालयाचे संचालक झाले तोवर बोर्हेसना वाचता येईनासं झालं होतं. रंगांतला पिवळा तेवढा शेवटपर्यंत सोबत राहिला. लाखो पुस्तकं भोवती, आणि पाहणारा नाही. त्लोनच्या पंडितांनी ती पुस्तकं आहेत म्हटलं असतं का?

इथवर सगळं गोड आहे. पण कथा तिथे थांबत नाही. हा ग्रह एका गुप्त मंडळाने पिढ्यान्‌पिढ्या कागदावर रचलेला आहे, आणि ज्ञानकोश बाहेर येताच लोक त्यावर तुटून पडतात. शाळांत खोटा इतिहास शिरतो, खऱ्याची आठवण पुसली जाते. १९४० साली नाझींकडे बघत बोर्हेस लिहीत होते, आणि त्यांनी ते लपवलेलं नाही: वरवर शिस्तबद्ध दिसणारी कुठलीही मांडणी माणसांना भुरळ घालायला पुरेशी होती. पाहण्याने जग घडतं हे खरं मानलं, तर कुणी पाहायचं आणि काय, हे ठरवणाऱ्याच्या हाती जग जातं. त्लोनचं हे अंग मला पटतं, म्हणूनच आवडत नाही.

आवडतो तो एक उंबरा. त्लोनमध्ये विसरल्या गेलेल्या वस्तू पुसट होत जातात. एक भिकारी रोज येत होता तोवर तिथला उंबरा टिकून होता. तो मेला आणि उंबरा दिसेनासा झाला. सगळी कथा विसरली तरी हे एवढं वाक्य माझ्याकडे राहील.

कारण तो मी पाहिलाय. आमच्या आळीत एका पडक्या वाड्याचा दिंडी दरवाजा तेवढा उभा होता. मागे एरंडाची झाडं आणि विटांचे ढीग, पुढे लोखंडी कडी, आणि मधोमध झिजून बशीसारखा झालेला दगडी उंबरा. एक आजोबा रोज उन्हं कलली की त्यावर येऊन बसत. वाड्याशी त्यांचं नातं काय, कुणी विचारलं नाही. काठी भिंतीला टेकवायची, टोपी गुडघ्यावर, आणि नुसतं बसायचं. सांजावलं की ते उठत. एका भाद्रपदात ते यायचे थांबले. दिवाळीनंतर गेलो, तर दरवाजा नव्हता.

वाड्याच्या वारसांचा जुना दावा त्याच सुमारास मिटला होता. आता तिथे चार मजले आहेत, खाली मोबाइलचं दुकान.