नोटांच्या तिजोरीतील हसरी चित्रे

अमेरिकेच्या व्हर्जिनिया राज्यात कल्पेपर नावाचे एक लहानसे गाव आहे. राजधानी वॉशिंग्टनहून मोटारीने निघाल्यास दीड-दोन तासांत तेथे पोहोचता येते. गावाजवळच्या माउंट पोनी या टेकडीच्या पोटात १९६९ मध्ये फेडरल रिझर्व्ह या मध्यवर्ती बँकेने काँक्रीट व पोलादाची प्रचंड तिजोरी उभारली. अणुयुद्ध ओढवलेच, तर मिसिसिपी नदीच्या पूर्वेकडील प्रदेशात चलन पुन्हा खेळते करता यावे, म्हणून अब्जावधी डॉलरच्या नोटा येथे रचून ठेवल्या होत्या. शीतयुद्ध ओसरले, नोटा हलल्या आणि रिकाम्या झालेल्या या वास्तूत २००७ पासून काँग्रेस ग्रंथालयाचे दृक्‌श्राव्य संवर्धन केंद्र नांदू लागले. त्यासाठी डेव्हिड पॅकार्ड यांच्या संस्थेने १५ कोटी डॉलरहून अधिक रकमेचे दान दिले.

आता येथे जपल्या जातात त्या चित्रफिती. आणि त्यांत मुख्य चित्रपटापूर्वी दाखवली जाणारी सहा-आठ मिनिटांची कार्टूनही आहेत. सेकंदाला २४ या हिशेबाने सहा मिनिटांच्या कार्टूनमध्ये ८,६४० चौकटी भरतात. एकेक चित्र दोन चौकटींना पुरवले, तरी आकडा हजारांच्या घरातच राहतो. एवढ्या श्रमाच्या मालाला बाजारात मात्र पुरवणीचे मोल होते. चित्रगृहांना मोठ्या चित्रपटांबरोबर लघुपटही गळ्यात बांधून घ्यावे लागत. १९४८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने या व्यवहाराला पायबंद घातला, तेव्हा कार्टूनसाठी वेगळे पैसे मोजण्यास चित्रगृहांचे मालक राजी होईनात. पुढे १९५६ च्या सुमारास जुना साठा दूरचित्रवाणीसाठी घाऊक विकला गेला. नव्या वितरकांनी पॉपायच्या पटांवरील मूळ नामावल्यांत फेरफार केले. वॉर्नर कंपनीने तर त्याआधीच पुनःप्रदर्शनाच्या वेळी अनेक पटांच्या आरंभीची श्रेयनामे काढून टाकली होती. माल शिल्लक राहिला, कारागिरांची नावे पुसली गेली.

ही उणीव बऱ्याच अंशी भरून काढली ती खासगी संग्राहकांनी. सोळा मिलिमीटरच्या प्रती ते विकत घेत, घरच्या पडद्यावर पाहत, आपसांत देवघेव करीत. स्वस्त रंगपद्धतीच्या प्रती कालांतराने तांबूस पडतात. टेक्निकलरच्या रंगमुद्रित प्रती मात्र टवटवीत राहतात, हे त्यांना नजरेनेच ओळखता येई. अशा जुन्या प्रतींच्या आधारे कित्येक पटांच्या मूळ नामावल्या पुन्हा उजेडात आल्या.

मूळ फितींचे संकट निराळे आहे. १९५० च्या आसपासपर्यंतचे चित्रपट नायट्रेटच्या फितीवर छापले जात. ही फीत पेटली, तर जळण्यासाठी लागणारा प्राणवायू ती स्वतःच पुरवते. पाण्यानेही विझत नाही. पुण्यात जानेवारी २००३ मध्ये नायट्रेट साठ्याला लागलेल्या आगीत अनेक जुने भारतीय चित्रपट नष्ट झाले. दादासाहेब फाळके यांनी काड्यापेटीतील काड्या हलवून केलेला ‘आगकाड्यांची मौज’ हा पटही आज उपलब्ध नाही.

म्हणूनच कल्पेपरला नायट्रेटसाठी १२४ स्वतंत्र कोठड्या आहेत. तेथे तापमान सुमारे ४ अंश सेल्सिअस आणि आर्द्रता ३० टक्के राखतात. एका कोठडीत आग लागलीच, तर ती दुसरीत पसरू नये, अशी रचना आहे. १९६९ मध्ये, म्हणजे तिजोरी बांधली त्याच वर्षी, युनायटेड आर्टिस्ट्स कंपनीने ग्रंथालयाला दिलेला वॉर्नरचा जुना नायट्रेट संग्रह हा या ठेव्यातील मोलाचा भाग होय.

या कोठड्या सामान्य प्रवाशाला सहसा पाहता येत नाहीत. केंद्राच्या आवारात मात्र जुन्या धाटणीचे, दोनशेच्या आसपास आसनांचे चित्रगृह आहे. नायट्रेटची फीत सुरक्षितपणे दाखवू शकणाऱ्या मोजक्या चित्रगृहांपैकी ते एक. तेथील खेळांना तिकीट नसते. वॉशिंग्टन पाहावयास गेलेल्या कुटुंबाने कार्यक्रमपत्रिका आधी पाहून एक संध्याकाळ येथे ठेवावी. मुलांना पडद्यावरील ससा आवडेल, आणि वडीलधाऱ्यांनी त्याआधी झळकणारी नावे सावकाश वाचावीत.