सातबाऱ्यावरची पड



परवा पोरगा मोबाईल घेऊन माळावर आला. ई-पीक पाहणी राहिली होती. खालच्या खाचरांचं भात टाकून झालं, मग वरच्या तीन एकरावर येऊन म्हणाला, "बाबा, इथं काय टाकू? कायम पड?" समोर कमरेएवढं गवत उभं. त्यात आमची गाय चरत होती, तिची नुसती पाठ आणि शिंगं दिसत होती. मी म्हटलं, टाक. बाबांच्या वेळेपासून आमच्या सातबाऱ्यावर तेच लिहिलेलं आहे, गवत पड. पण रात्री झोप लागेना. जी जमीन चार जनावरं पोसते, ती पड कशी?

आमचा पाडा बोईसरच्या पूर्वेला, चिल्हार रस्त्यापासून आत. तीस-पस्तीस घरं. रात्री पश्चिमेला बघितलं तर एमआयडीसीचा उजेड आभाळाला लागलेला असतो, पूर्वेला डोंगर काळा. मधे माळ. खोलगटात भाताची खाचरं आणि त्यांच्यावर वरकस. पूर्वी वरकसावर नाचणी-वरी व्हायची, दोन-तीन वर्षं पीक घेऊन जमीन सोडायची, मग तिथं गवत यायचं. आता नाचणी खायला सगळ्यांना पाहिजे, करायला कोणी नाही. गवत तेवढं राहिलं.

या गवताला एकेकाळी मोठा भाव होता. मुंबईच्या तबेल्यांतल्या म्हशी, टांग्यांचे घोडे आपल्या भागातल्या गवतावर जगले. दाबून गासड्या बांधायच्या आणि रेल्वेने पाठवायच्या. कापणारा मात्र उपाशी. 1945 साली डहाणू-उंबरगावच्या वारली लोकांनी गवत कापायचं बंद केलं. मागणी काय, तर 500 पौंड गवत कापायला अडीच रुपये. गोदावरीबाई आणि शामराव परुळेकर तेव्हा त्यांच्यात होते. 10 ऑक्टोबरला तलवाड्याला गोळीबार झाला, पाच माणसं गेली, त्यात जेठ्या गांगड. त्या अडीच रुपयांचा हिशोब आमच्या म्हाताऱ्यांच्या तोंडून मी ऐकलाय. आता तबेले कमी झाले, टांगे गेले. दिवाळीनंतर एखादा टेम्पो येतो आणि भाव तोच ठरवतो.

आता कामाचं बोलतो. माझ्या माळावर मुख्य तीन गवतं. मारवेल, पवन्या आणि कुसळी. आपल्याकडे रीत अशी की भाताची कापणी-झोडणी उरकली की मग गवताकडे वळायचं. तोपर्यंत बी गळून गवत उभ्याने वाळून पिवळं झालेलं असतं. कापायला हलकं, गंजीला बुरशी नाही, आपल्याला सोयीचं. पण जनावराच्या पोटात काड्याच जातात. अशा वाळलेल्या गवतात प्रथिनं तीन टक्क्यांच्या आसपास उरतात. फुलोऱ्यात कापलं तर त्याच्या दुप्पट तरी मिळतात. हे मला एका शिबिरात सांगितलं होतं. मी मान डोलावली आणि घरी येऊन विसरलो.

तीन वर्षांपूर्वी करून बघितलं. हस्ताच्या पावसात उघडीप बघून अर्धा एकर कापलं आणि तिसऱ्या दिवशी पाऊस आला. सगळं काळं पडलं, वास सुटला, गाय तोंड लावेना. बायको म्हणाली, शिबिरवाल्यांना बोलवा आणि त्यांना घाला. पुढच्या वर्षी शहाणा झालो. चित्रा लागल्यावर, ऊन खात्रीचं दिसल्यावर, एकाच वेळी चार-पाच गुंठेच कापायचं. जमिनीवर न पसरता बांबूचा माच करून त्यावर टाकायचं, खालून वारा लागतो. दोन-तीन दिवसांत खडखडीत वाळतं आणि रंग हिरवट राहतो. त्या वर्षी गव्हाणीत काडी उरली नाही. आधी चौथा हिस्सा गव्हाणीत उरायचा आणि तो राबाला जायचा. दूध किती वाढलं ते सांगत नाही, मापलं नव्हतं. पण जनावराच्या अंगावर चमक आली ती शेजाऱ्यालाही दिसली. आता अर्धा माळ असा कापतो. बाकीचा भातानंतरच, कारण ऑक्टोबरात भात आणि गवत दोन्ही कापायला माणसं आणायची कुठून? सकाळी सातला कंपन्यांच्या गाड्या नाक्यावरून पोरं भरून नेतात.

कुसळीबद्दल एक सांगायचंय. आपल्याकडे समज आहे की माळ जाळला की पुढच्या वर्षी गवत चांगलं येतं. हिरवं लवकर फुटतं हे खरं. पण कुसळीचं कुसळ ओल लागली की पिळ सोडत फिरतं आणि बी जमिनीत रुतवतं. वरून आग गेली तरी ते वाचतं. मारवेलचं बी वरच पडलेलं असतं, ते जळतं. दरवर्षी वणवा लागला की माळ कुसळीचा होतो. माझ्या माळाचा उत्तरेचा कोपरा तसाच झालाय. रस्त्याला लागून आहे, कोणीतरी विडी टाकतो. तिथलं गवत मी कुसळं धरायच्या आधीच कापतो, नाहीतर ती जनावराच्या तोंडात आणि आपल्या पायजम्यात. डिसेंबरात कडेने आठ-दहा फुटांचा पट्टा साफ करून जाळरेषा काढतो, तेव्हापासून आग आत आलेली नाही.

आणि माळ नुसता चाऱ्याचा नाही. दोन वर्षांपूर्वी आमच्या वरच्या अंगाची जमीन एकाने घेतली, मुरुम टाकून सपाट केली. गोदाम होणार म्हणतात, अजून झालं नाही. जुलैत आवणी होऊन आठ दिवस झाले होते. एका रात्री जोराचा पाऊस झाला, सकाळी बघतो तर वरच्या खाचरात चार गुंठे रोप मुरुमाखाली. आधी तेच पाणी गवतातून झिरपत, निवळून खाली यायचं. गवत गेलं, पाणी मोकाट सुटलं. ओरडलो, पण घेणारा मुंबईला. वॉचमनला काय बोलणार. मुरुम आम्ही दोघांनी घमेल्याने उचलला.

हे सगळं आज लिहायचं कारण, धाकटा भाऊ रविवारी येणार आहे. तो बोईसरला कंपनीत आहे, बावीस वर्षं झाली. त्याच्या मुलीला नर्सिंगला घालायचंय आणि माळात त्याचा अर्धा वाटा आहे, तोही रस्त्याकडचा. दलाल त्याच्याकडे दोनदा जाऊन आलाय. फोनवर म्हणाला, "दादा, तिथं काय पिकतंय सांग ना. सातबाऱ्यावरच पड लिहिलंय." तो चुकीचं बोलत नाही. मुलगी हुशार आहे, तिची फी गवताने भरणार नाही. त्याचा वाटा विकत घ्यायची माझी ऐपत नाही आणि त्याला विकू नको म्हणायला माझं तोंड नाही. पण रस्त्याकडचा तुकडा भरला की माझ्या मागच्या दीड एकरात जनावर जायला वाट राहत नाही, आणि पुढचा मुरुम कुठल्या खाचरात येणार ते मला आत्ताच दिसतंय.

मी हिशोब करून ठेवलाय. तीन एकरांतून साधारण तीन टन वाळलेलं गवत, त्यावर आणि भाताच्या पेंढ्यावर चार जनावरं, त्यांचं शेण, राबाचा पालापाचोळा. त्याला कागद दाखवणार आहे. निदान एवढं म्हणणार आहे की विकायचंच असेल तर कडेने दहा फूट वाट आणि पाण्याचा चर सोडून वीक, आणि ते खरेदीखतात लिहून घे. दलाल कबूल होईल का, माहीत नाही. ज्यांनी असं वाट-पाणी राखून व्यवहार केलाय त्यांनी कागदावर नेमकं काय लिहून घेतलं ते सांगा. रविवारच्या आत सांगितलंत तर बरं होईल.

उद्या सकाळी उत्तरेचा कोपरा कापायला घेतोय. ऊन चांगलं आहे.