चंद्रोदय वजा साडेबारा

संकष्टीच्या सकाळी ठाण्यातल्या एका काकूंनी कॅलिफोर्नियातल्या लेकीला चंद्रोदय कळवला. भिंतीवरच्या 'कालनिर्णय'मध्ये मुंबईचा चंद्रोदय रात्री ९.४० ला होता. दिवस उन्हाळ्याचे, म्हणजे सॅन होजे साडेबारा तास मागे. काकूंनी चष्मा कपाळावर सरकवला, तोंडी वजाबाकी केली आणि फोनवर टाईप केलं, 'तुमचा चंद्र सकाळी नऊ वाजून दहा मिनिटांनी. उपास लवकर सुटतोय या वेळी.' लेकीचं उत्तर आलं, 'अगं आई, तेव्हा मी ऑफिसात असते आणि चंद्र मावळत असतो!'

वजाबाकी बरोबर होती. ती ज्यातून केली, ती वेळ वजाबाकीला दाद देणाऱ्यांतली नव्हती.

कॅलेंडरच्या त्या एकाच पानावर दोन जातींच्या वेळा शेजारी शेजारी नांदतात. चतुर्थी अमुक वाजता संपते, ही एक. चंद्र सूर्यापासून बारा-बारा अंश पुढे सरकला की एकेक तिथी पुरी होते. हा हिशोब आकाशात ज्या क्षणी पुरा होतो, तो क्षण ठाण्यालाही तोच आणि सॅन होजेलाही तोच. त्यातून साडेबारा तास बिनघोर वजा करावेत. दुसरी वेळ चंद्रोदयाची. ती क्षितिजाची, आणि क्षितिज ज्याचं त्याचं. ठाण्याचा चंद्र पारसिकच्या डोंगराकडून वर येतो, सॅन होजेचा माउंट हॅमिल्टनच्या बाजूने, आणि दोघेही आपापल्या गावात रात्रीचं जेवण ताटकळत ठेवूनच येतात.

गंमत पुढे आहे. समजा, मुंबईत चतुर्थी मंगळवारी सकाळी सातला लागली आणि बुधवारी सकाळी सहाला संपली. मुंबईत ती अंगारकी. सिद्धिविनायकापुढे आदल्या रात्रीपासून रांगा. तीच चतुर्थी सॅन होजेत लागते सोमवारी संध्याकाळी साडेसहाला आणि मंगळवारी संध्याकाळी साडेपाचला, चंद्र उगवायच्या आधीच, संपूनही जाते. म्हणजे तिकडे उपास सोमवारी. चतुर्थी तीच, गणपती तोच, पण मंगळ वाटेत कुठेतरी गळून पडतो आणि हाती नुसती संकष्टी उरते. काकूंना हे आजतागायत पटलेलं नाही. अंगारकी ती अंगारकी, असं त्यांचं म्हणणं. आणि श्रद्धेच्या बाजूने पाहिलं तर त्यात चूक काढणं कठीणच आहे.

काकूंची तोंडी वजाबाकी मात्र पाहण्यासारखी. साडेबारा, साडेतेरा, साडेनऊ, साडेदहा असले आकडे ऐकले की परदेशी माणूस कागद मागतो. १८८४ साली वॉशिंग्टनच्या परिषदेत ग्रीनिचचं रेखावृत्त हे मूळ रेखावृत्त ठरलं आणि पुढे हळूहळू बहुतेक जगाने पूर्ण तासांच्या फाका करून घेतल्या. भारताची फाक साडेपाचाची. हा अर्धा तास कशाला, असं विचारणारे गोरे लोक आजही भेटतात. त्यांच्या भाषेत 'साडे' नाही, त्याला कोण काय करणार? मराठीत पाव आहे, पाऊण आहे, सव्वा, दीड, अडीच आहे. जुन्या शाळेत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी आणि औटकी असे अपूर्णांकांचे पाढेच्या पाढे सूर लावून म्हणून घेत. काकूंच्या वडिलांनी त्यांच्याकडून औटकीपर्यंत घोकून घेतलं होतं. औट म्हणजे साडेतीन. हा शब्द आता 'औटघटकेच्या राज्या'पुरता उरला आहे. घटका चोवीस मिनिटांची, तेव्हा ते राज्य भरतं एक तास चोवीस मिनिटं.

पण जगाच्या घड्याळात औट अजून शाबूत आहे. इराण ग्रीनिचच्या औट तास पुढे. अटलांटिकमधलं न्यूफाउंडलंड हिवाळ्यात औट तास मागे आणि उन्हाळ्यात अडीच. अफगाणिस्तान साडेचार. न्यूझीलंडच्या पूर्वेची चॅटम बेटं पावणेतेरा तास पुढे. आणि नेपाळ पावणेसहा. १९८६ पासून नेपाळने गौरीशंकर शिखराजवळचं ८६ अंश १५ मिनिटांचं रेखावृत्त आपलं मानलं. एका अंशाला चार मिनिटं हा शाळेतला नियम लावला की तंतोतंत पावणेसहा येतात. रक्सौलहून बीरगंजला जाणाऱ्याने घड्याळ पंधरा मिनिटं पुढे करायचं, बस्स. भलामोठा शेजारी असलेल्या देशाने स्वतःसाठी पाव तास राखून ठेवावा, यात एक प्रकारचा बाणेदारपणा आहे.

साडेपाचाची आणखी एक करामत आहे. काट्यांचं मनगटी घड्याळ भारतीय वेळेवर लावा आणि उलटं धरा. दुपारचे तीन वाजले असतील तर उलट्या घड्याळात साडेनऊ दिसतील, आणि लंडनमध्ये हिवाळ्यात तेव्हा सकाळचे साडेनऊच झालेले असतात. तासकाटा अर्धं वर्तुळ फिरला की सहा तासांचा फरक पडतो आणि मिनिटकाटा फिरला की अर्ध्या तासाचा. सहातून अर्धा गेला, साडेपाच उरले. तासकाटा जरा मागेपुढे वाटतो, तेवढं चालवून घ्यायचं. मार्चअखेर इंग्लंडने घड्याळं पुढे केली की ही जादू ऑक्टोबरअखेरपर्यंत बंद.

हे साडेपाच मुंबईवर मात्र लादावे लागले होते.

मुंबईची स्वतःची वेळ ग्रीनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे. ही कुठल्याच पाढ्यात बसत नाही. पावणेपाच आणि वर सहा मिनिटं. कलकत्त्याची ५ तास ५३ मिनिटं, म्हणजे दोन शहरांत तासाहून थोडा जास्तच फरक. मद्रासला वेधशाळा होती आणि ते शहर या दोहोंच्या मधोमध पडे, म्हणून आगगाड्या मद्रासच्या वेळेवर धावत. १८८१ साली गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन यांनी सरकारी कचेऱ्यांनाही मद्रासची वेळ लावायचं ठरवलं. मुंबईच्या मानाने ती अर्धा तास पुढे. शहर बिथरलं. चारच वर्षांनी पुण्यातल्या नव्या कॉलेजला याच फर्ग्युसनसाहेबांचं नाव दिलं गेलं, पण मुंबईने त्यांची वेळ काही घेतली नाही. राजाबाई टॉवरच्या घड्याळाने कुठली वेळ दाखवावी यावरही वाद झाला आणि त्यात मुंबईच्या वेळेचा पक्ष जिंकला.

त्या मनोऱ्याचीही एक गोष्ट सांगतात. तो बांधून झाला १८७८ मध्ये, प्रेमचंद रायचंदांच्या पैशातून, त्यांच्या आईच्या नावाने. राजाबाईंना दिसत नसे. जैन घर, सूर्यास्ताआधी जेवण उरकायचं. ते कोणाला न विचारता कळावं म्हणून घंटेचा मनोरा. गोष्ट खरी असो वा रचलेली, तिच्यात जेवणाची वेळ सूर्याकडे आहे. घंटा फक्त निरोप्या. ठाण्याच्या काकूंचा उपास चंद्राकडे, तसाच.

मग १९०६ उजाडलं. १ जानेवारीपासून सरकारने सगळ्या देशाला एकच वेळ लावली. मिर्झापूरजवळून जाणाऱ्या साडेब्याऐंशी अंशांच्या रेखावृत्तावरची ही वेळ मुंबईच्या ३९ मिनिटं पुढे होती. एकोणचाळीस मिनिटं कागदावर किरकोळ दिसतात. पण गिरणीचा भोंगा नव्या घड्याळावर वाजू लागला की कामगाराने तेवढं लवकर उठायचं, अंधारात चूल पेटवायची, अंधारात नळावर रांग लावायची. सूर्य काही मिर्झापूरचा हुकूम मानत नाही. त्याच जानेवारीत गिरणी कामगारांनी काम टाकलं, दगडफेक झाली. शहरात सभा भरल्या, विरोधाच्या अर्जांवर हजारोंनी सह्या केल्या. स्वदेशी आणि बहिष्काराचे ते दिवस; घड्याळही परकं वाटावं, असाच काळ होता.

सरकारी घड्याळं पुढे गेली, आगगाड्याही गेल्या, पण महापालिका जुन्या वेळेला चिकटून राहिली. ती अशी की स्वातंत्र्य आलं तरी मुंबईची वेळ पुरती गेलेली नव्हती. एका शहरात दोन वेळा, त्याही पिढ्यान् पिढ्या. आज कॅलिफोर्नियाशी बोलताना होतो तो गोंधळ तेव्हा एका ट्रॅमच्या अंतरात होई. जाहिरातीत, पत्रिकेत नुसतं 'सायंकाळी ६ वाजता' लिहून भागत नसे. पुढे स्टँडर्ड टाइम की मुंबई टाइम, ते सांगावं लागे. त्यातच महायुद्धाच्या काळात, १९४२ ते १९४५, सरकारने देशाचं घड्याळ आणखी एक तास पुढे ढकललं. म्हणजे मुंबईकराला मनात एक तास एकोणचाळीस मिनिटांचा हिशोब. मुंबईच्या या हट्टाला हसणारे तेव्हाही होते. पण ज्याला भोंग्यावर उठायचं असतं, त्याने निदान कोणाच्या पहाटेला उठायचं हे विचारावं, एवढा तरी हक्क त्याला असावा.

भोंगे गेले आणि त्यांच्या जागी कॉल आले. हिंजवडीत आता न्यूयॉर्कच्या सकाळी दहाची मीटिंग असते. उन्हाळ्यात ती पुण्याच्या साडेसातला येते, हिवाळ्यात साडेआठला. नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी अमेरिकेत घड्याळ मागे जातं आणि पुण्यात जेवण पुढे. मार्चच्या दुसऱ्या रविवारी सगळं पुन्हा जागेवर. त्यात युरोपने आपले रविवार वेगळे राखले आहेत, मार्च आणि ऑक्टोबरमधले शेवटचे. त्यामुळे मार्चमधले दोन-तीन आठवडे लंडन, न्यूयॉर्क आणि पुणे अशी तिघांची मीटिंग असेल तर कोणीतरी तासभर आधी येऊन रिकाम्या पडद्याकडे बघत बसतो. ॲरिझोनाचा बहुतेक भाग हे घड्याळ फिरवणं मुळीच करत नाही. तिथला क्लायंट मिळाला की लोक सत्यनारायण घालायच्या बेतात येतात. जुलै महिन्यातही सगळे 'ईएसटी, ईएसटी' म्हणत असतात. खरं तर उन्हाळ्यात तो ईडीटी, पण दुरुस्त करायला जाणारा माणूस कॅन्टीनमध्ये एकटा जेवतो.

याच गणिताची एक सुखाची बाजूही महाराष्ट्रातल्या घराघरांत ठाऊक आहे. २६ डिसेंबरला मेलबर्नची कसोटी तिथल्या साडेदहाला सुरू होते, तेव्हा इकडे पहाटेचे पाच. एरवी आठशिवाय न हलणारा मुलगा त्या दिवशी गजर न लावता उठतो, आवाज बंद करून टीव्ही लावतो आणि गोधडी पांघरून बसतो. पहिला चहा आणि पहिली विकेट यांत आधी काय पडेल, ते सांगता येत नाही.

वेळ हा शब्दही मराठीत दोन जातींचा आहे. 'वेळ गेला' म्हणताना तो पुल्लिंगी, 'वेळ झाली' म्हणताना ती स्त्रीलिंगी. साता समुद्रांपलीकडे बदलते ती. तो, म्हणजे लेकीशी बोलायला मिळालेली वीस मिनिटं, दोन्हीकडे सारखाच भरतो.

जगभरच्या संगणकांत आणि फोनांत गावोगावच्या वेळांची एक सामाईक यादी असते. कुठल्या देशाने कधी घड्याळ फिरवलं याची नोंद ती ठेवते आणि त्यावरून उत्तर देते, म्हणून आता कोणाला औटकी यावी लागत नाही. त्या यादीत सबंध भारताला एकच नोंद आहे : आशिया/कोलकाता. मद्रासच्या वेळेला नकार देणारी, मिर्झापूरच्या वेळेवर दगड उचलणारी मुंबई कोलकात्याच्या नावाखाली मुकाट बसली आहे, आणि मुंबईकराच्या खिशातला फोन हे त्याला सांगतही नाही.

काकूंनी आता फ्रिजवर एक चिठ्ठी चिकटवली आहे. उन्हाळ्यात : अर्धा तास मागे, दिवसाची रात्र. हिवाळ्यात : दीड तास मागे, दिवसाची रात्र. चंद्र : तिचा तिने बघावा. कॅलिफोर्नियात लेक असलेल्यांनी ही चिठ्ठी खुशाल उतरवून घ्यावी. मात्र नोव्हेंबरचा पहिला रविवार उलटला की सकाळचा नऊचा फोन दहाला करायचा; नऊला तिकडे संध्याकाळचे साडेसातच वाजलेले असतात आणि पोळ्या लाटून व्हायच्या असतात.