नदीकाठचा वारसा

फ्रान्समध्ये १९८२ साली लहान, सुंदर गावांची एक संस्था स्थापन झाली. २००० हून अधिक वस्तीच्या गावाला तिच्यात प्रवेश नाही. जुने चर्च, नदीवरचा दगडी पूल, कपडे धुण्याची सामाईक जागा अशा गोष्टी तेथील नदीकाठची गावे निगुतीने सांभाळतात. आज फ्रान्समध्ये असलेल्या आनसी नगरातील मिशनरी १८४६ साली विशाखापट्टणमला उतरले. त्यांच्या संघाचे धर्मगुरू पुढे विदर्भ-मराठवाड्यात सुवार्ता घेऊन आले. म्हणून त्या भूमीविषयी आम्हांस विशेष आपुलकी वाटते.

मात्र हदगाव तालुक्यातील पैनगंगाकाठच्या गावांना हाच निकष लावला, तर सांगण्याजोगे फारसे काही नाही असे वाटेल. तसे वाटणे योग्य नव्हे. येथील वारसा दगडापेक्षा माणसांच्या वहिवाटीत अधिक आहे.

पैनगंगेच्या अलीकडे हदगाव, पलीकडे उमरखेड. १९४८ पर्यंत अलीकडे निजामाचे राज्य होते, तर पलीकडे १९४७ पर्यंत इंग्रजांच्या अमलाखालचा वऱ्हाड. सीमा राज्यकर्त्यांनी आखली. दोन्ही तीरांवरच्या लोकांची बोली, पिके आणि सोयरीक मात्र एकच राहिली. याच पैनगंगेला कयाधू येऊन मिळते आणि कयाधूच्या काठी नरसी हे संत नामदेवांचे जन्मगाव आहे. येथून निघालेली भक्तीची वाट पंजाबपर्यंत गेली. शिखांच्या गुरू ग्रंथसाहिबात नामदेवांची पदे आहेत.

नदीपासून आत असलेल्या तामसा येथे बारालिंग देवस्थानात संक्रांतीनंतर भाजी-भाकरीची पंगत बसते. गावोगावचे लोक तेथे एकत्र जेवतात. प्रभुभोजनाभोवती जमणाऱ्या आम्हा ख्रिस्ती जनांना या पंगतीचे मोल सहज कळावे. भाकरी वाटून खाल्ली, की समाज घडतो.

हा वारसा ज्या नदीच्या आधाराने वाढला, तिचीच आज आबाळ होत आहे. वरच्या अंगाला ईसापूर धरण आहे. त्याच्या कालव्यांनी अनेक शिवारे हिरवी केली, हे उपकार नाकारता येणार नाहीत. परंतु उन्हाळ्यात खाली नदीचे पात्र कोरडे पडते आणि काठच्या गावांना नदीत पाणी सोडा अशी मागणी करावी लागते. गुरे पाण्यावाचून तडफडतात, विहिरींचा तळ दिसू लागतो. नदीकाठी राहूनही माणसे टँकरची वाट पाहतात, याहून मोठी विटंबना कोणती?

दिवंगत पोप फ्रान्सिस यांनी २०१५ च्या ‘लाउदातो सी’ या परिपत्रकात निसर्गाबरोबर ऐतिहासिक व सांस्कृतिक वारसाही संकटात असल्याचे सांगितले आणि पिण्याच्या शुद्ध पाण्याला मूलभूत मानवी हक्क म्हटले. पैनगंगेच्या काठी या दोन गोष्टी वेगळ्या काढताच येत नाहीत. ज्या गावात पाणी नाही, तेथून तरुण कामासाठी शहर गाठतात. मग पंगतीत बसणार कोण आणि नामदेवांचे अभंग गाणार कोण?

म्हणून वारसा जपायचा म्हणजे आधी नदी वाहती ठेवायची. कालव्याला पाणी द्यावेच, पण पाणीवाटप ठरवताना नदीच्या पात्राचाही वाटा धरावा. काठच्या गावांची ही मागणी न्याय्य आहे. आपल्या धर्मग्रामांनी ती आपली मानावी, कारण तहानलेल्याला पाणी देण्याची प्रभूची आज्ञा गावाचा धर्म विचारून पाळायची नसते.