सुटल्यानंतरचं गाव

व्यसनातून सुटलेल्या माणसाची गोष्ट आपल्याकडे एका ठरलेल्या जागी संपते. तो प्यायचा, घर बसलं, कुणीतरी हाताला धरून केंद्रात नेलं, महिना-सव्वा महिन्याने तो दाढी करून, स्वच्छ शर्ट घालून व्यासपीठावर उभा राहिला आणि टाळ्या वाजल्या. अशी अनुभवकथनं मी बरीच वाचत, ऐकत आले आहे आणि त्यांतल्या धैर्याबद्दल मला शंका नाही. पण आमच्या यवतमाळ जिल्ह्यातल्या घाटंजीसारख्या तालुक्याच्या गावातून पाहिलं, की गोष्ट टाळ्यांच्या त्या जागी सुरू होताना दिसते. तो माणूस एसटीतून उतरतो तेव्हा पानठेल्यावर पन्नीत सुपारी, तंबाखू, चुना टाकून खर्रा घोटणं चालूच असतं. देशीचं दुकान जिथे होतं तिथेच असतं. सोसायटीचं कर्ज तसंच असतं, आणि घरात अशी बायको असते जिने त्याच्या शब्दावर विश्वास ठेवणं कधीच सोडून दिलेलं असतं. सावरायचं असतं ते या सगळ्याच्या मधोमध, पुढची दोन-चार वर्षं. म्हणून माझं म्हणणं असं, की सावरायला मदत करणारं माणूसही तिथेच, चालत जाता येईल इतक्या अंतरावर असलं पाहिजे. आज ते नाही.

१९८६ हे साल या बाबतीत मला फार बोलकं वाटतं. त्या वर्षी १९ मार्चला आमच्याच जिल्ह्यातल्या, महागाव तालुक्यातल्या चिलगव्हाणचे शेतकरी साहेबराव करपे यांनी पत्नी मालती आणि चार लेकरांसह जीवन संपवलं. महाराष्ट्रात त्या दिवसाची आठवण म्हणून आजही दरवर्षी अन्नत्याग केला जातो. त्याच वर्षी २९ ऑगस्टला पुण्यात डॉ. सुनंदा आणि डॉ. अनिल अवचट यांनी मुक्तांगण सुरू केलं. गर्द या अमली पदार्थाच्या विळख्यावरचं अवचटांचं लेखन वाचून पु. ल. आणि सुनीता देशपांडे यांनी त्यासाठी पहिली मोठी देणगी दिली होती. दुःख यवतमाळ जिल्ह्यातलं होतं आणि उपचाराची वाट शेकडो किलोमीटर दूर पुण्यात उघडली. यात दोष कुणाचाच नाही. पण पुढच्या चार दशकांत हे अंतर किती कमी झालं, हे विचारायला हवं. दिल्लीच्या एम्सने केलेल्या आणि २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या देशव्यापी पाहणीत दारूवर अवलंबून असलेल्या दर ३८ जणांपैकी एकालाच कसलातरी उपचार मिळाल्याचं आढळलं. उरलेल्या ३७ घरांपर्यंत काय पोहोचतं? गावोगावच्या भिंतींवर रंगवलेली 'रुग्णाला न सांगता दारू सोडवा' ही जाहिरात पोहोचते. जेवणात चोरून कालवायच्या त्या पुड्यांमध्ये काय असतं हे देणाऱ्या बाईला माहीत नसतं, आणि दारूशी न जुळणारं औषध पिणाऱ्याच्या नकळत पोटात गेलं तर जिवावर बेतू शकतं. तरीही ती पुडी विकत घेतली जाते, कारण तिच्या आवाक्यात तेवढंच असतं.

दारूच्या आधी काय घडलेलं असतं, ते इथे पाहायला हवं. अमेरिकेत फेलिटी आणि अँडा यांनी १९९८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या मोठ्या अभ्यासात बालपणी मारहाण, अवहेलना, घरातलं व्यसन असे चार किंवा अधिक प्रकारचे आघात सोसलेल्यांमध्ये मद्यासक्ती, नैराश्य आणि आत्महत्येच्या प्रयत्नांचा धोका चार ते बारा पट दिसला. म्हणजे आज जो बाप पिऊन घरी येतो, त्याच्या पाठीवर कदाचित कुणाच्यातरी माराच्या खुणा असतात, आणि त्याला पाहून कोपऱ्यात दडणारं लेकरू पुढच्या पिढीचा धोका अंगावर घेत असतं. मानसोपचारतज्ज्ञ जुडिथ हर्मन यांनी १९९२ च्या आपल्या पुस्तकात आघातातून सावरण्याचे तीन टप्पे मांडले: आधी सुरक्षितता, मग आठवणींना सामोरं जाऊन शोक करणं, मग माणसांशी पुन्हा जोडलं जाणं. यातला पहिला आणि तिसरा टप्पा कुठलंही निवासी केंद्र पूर्ण करून देऊ शकत नाही. रात्री घरात भीती वाटणार नाही, याची व्यवस्था घरातच होते. सोबतही ज्या आळीत राहायचं तिथलीच लागते.

सोबत काय करू शकते, याचा पुरावा आमच्या जिल्ह्याकडे आहे. श्याम पेठकर यांनी लिहिलेल्या आणि हरीश इथापे यांनी बसवलेल्या 'तेरवं' या नाटकात आत्महत्याग्रस्त शेतकऱ्यांच्या विधवा स्वतः रंगमंचावर उभ्या राहिल्या. कळंब तालुक्यातल्या राजूरच्या वैशाली येडे त्यांपैकी एक. यवतमाळच्या ९२ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचं लेखिका नयनतारा सहगल यांना दिलेलं निमंत्रण मागे घेतलं गेलं, तेव्हा जानेवारी २०१९ मध्ये त्या व्यासपीठावरून उद्घाटक म्हणून वैशालीताई बोलल्या. त्या प्रसंगाचं राजकारण बाजूला ठेवते. मला महत्त्वाचं वाटतं ते त्याच्या आधीचं. नाटकाच्या तालमीत एकीचं दुःख दुसरीला समजावून सांगावं लागत नाही. सासरचे काय म्हणाले, शेताच्या सातबाऱ्यावर नाव लागलं का, मदतीसाठी 'पात्र-अपात्र' ठरवायला आलेल्यांनी काय विचारलं, हे प्रत्येकीने आपापल्या घरात सोसलेलं असतं. तालमीत ते एकमेकींसमोर मोठ्याने बोललं जातं. मुक्तांगणमध्येही व्यसनातून बाहेर आलेली माणसं पुढे समुपदेशक म्हणून काम करतात आणि पत्नींसाठी 'सहचरी' हा वेगळा गट आहे. दोन्हीकडे औषध सारखंच आहे: ज्याने भोगलं त्याच्या शेजारी बसणं.

यावर रास्त आक्षेप असा, की सुटलेलेच बोलतात. जे परत फिरले, जे गेले, त्यांचं अनुभवकथन कोण ऐकतं? चार हृद्य गोष्टींवरून धोरण ठरवू नये. हे मला पूर्ण मान्य आहे, म्हणूनच जिथे फसलेल्यांचीही मोजदाद झाली तिकडे मी वळते. गोव्यात प्राथमिक आरोग्य केंद्रांमध्ये, कुठलीही वैद्यकीय पदवी नसलेल्या पण नीट प्रशिक्षण दिलेल्या स्थानिक समुपदेशकांनी दारूचा अपाय होत असलेल्या पुरुषांबरोबर जास्तीत जास्त चार बैठका घेतल्या, अर्ध्या-पाऊण तासाच्या. २०१७ मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकाने त्याचे निष्कर्ष छापले. तीन महिन्यांनी अशा बैठका मिळालेल्यांपैकी ३६ टक्के धोक्याच्या पिण्यातून बाहेर होते, नेहमीचे उपचार मिळालेल्यांपैकी २६ टक्के. शंभरात दहा जणांचा हा फरक कुणाला किरकोळ वाटेल. मला वाटत नाही, कारण त्यासाठी इमारत बांधावी लागली नाही आणि कुणाला घर सोडून जावं लागलं नाही. शेजारच्या अमरावती जिल्ह्यात ३० गावांमध्ये 'विश्राम' प्रकल्पाने गावातल्याच कार्यकर्त्यांमार्फत नैराश्यावर काम केलं. नैराश्य असलेल्यांपैकी मदत घेणाऱ्यांचं प्रमाण दीड वर्षात ४.३ टक्क्यांवरून २७.२ टक्क्यांवर गेलं. हा तर आमच्यासारखाच कापसाचा, कोरडवाहूचा मुलूख.

'मनावर घेतलं का सुटते' हे वाक्य घाटंजीच्या कुठल्याही कट्ट्यावर ऐकू येईल, आणि ते अर्धं खरं आहे. मनावर घेतल्याशिवाय सुटत नाही. पण रोज भरपूर पिणाऱ्याने एकदम बंद केलं, तर पुढच्या दोन-तीन दिवसांत हात थरथरणं, भास, फिट येणं इथपर्यंत मजल जाऊ शकते आणि त्यात माणूस दगावू शकतो. तेव्हा निश्चय पुरत नाही, ग्रामीण रुग्णालयातली खाट, 'ब-१' जीवनसत्त्वाचं इंजेक्शन आणि लक्ष ठेवणारा डॉक्टर लागतो. गोव्यातल्या त्या बैठकाही पूर्ण अवलंबून झालेल्यांसाठी नव्हत्या, हे लपवण्यात अर्थ नाही. गावातल्या कार्यकर्तीने डॉक्टर व्हावं असं कुणी म्हणत नाही. कुणाला यवतमाळला पाठवायचं हे तिला ओळखता यावं, आणि सुमारे ४० किलोमीटरवरच्या वैद्यकीय महाविद्यालयातून तो परतल्यावर त्याच्या दारात जाणारं कुणीतरी असावं. परत पिणं हा दोष मानायचा की आजाराचा भाग, हेही तिथेच ठरतं. कापसाचा चुकारा हातात पडतो तो दिवस, पोळ्याची संध्याकाळ, लग्नाची वरात, हे घसरण्याचे दिवस आधीच ठाऊक असतात. त्या दिवशी पैसे कुणाच्या हातात राहतील, बाजारातून घरी कोणत्या रस्त्याने यायचं, सोबत कोण असेल, हे आदल्या आठवड्यात बसून ठरवता येतं. पुण्यातल्या समुपदेशकाला यातलं काहीच दिसत नाही. आळीतल्या माणसाला दिसतं.

दारूबंदी करा म्हणजे प्रश्न मिटेल, असं म्हणणाऱ्यांबद्दल मला आदर आहे. यवतमाळ जिल्ह्यात 'स्वामिनी' या दारूबंदी आंदोलनातल्या बायांनी त्यासाठी वर्षानुवर्षं मोर्चे काढले, आणि मतदानाने गावातली बाटली आडवी करण्याचा हक्क बायांच्या हाती असणं मोलाचं आहे. दुकान दूर गेलं की पिणं कमी होतं, हेही खरं. पण वर्धा १९७५ पासून कोरडा आहे, चंद्रपुरात २०१५ ला बंदी आली आणि २०२१ मध्ये उठली, आणि या सगळ्या काळात ज्याचं शरीर दारूशिवाय चालत नव्हतं त्याने चोरवाट शोधलीच. चंद्रपूरच्या शेजारच्या गडचिरोलीत १९९३ पासून बंदी असूनही २०१६ मध्ये 'मुक्तिपथ' हे व्यसनमुक्तीचं अभियान सुरू करावं लागलं. त्यात गावाची संघटना आहे आणि तालुक्याच्या ठिकाणी उपचाराचं क्लिनिकही आहे. बंदी मागणाऱ्यांनी ही दुसरी मागणीही तितक्याच जोराने करावी असं मला कळकळीने वाटतं.

आणि 'कापसाला भाव द्या, बाकी आपोआप होईल' असं म्हणणाऱ्यांना मी विरोध करणार नाही. भाव मिळालाच पाहिजे. पण भाव मिळालेल्या वर्षीही रात्री दचकून उठणारी बाई दचकूनच उठते. कर्जमाफीच्या यादीत तिच्या झोपेची नोंद नसते.

म्हणून घाटंजीच्या ग्रामीण रुग्णालयात आठवडी बाजाराच्या दिवशी व्यसन आणि मनाच्या आजारांची ओपीडी हवी, कारण त्या दिवशी पारव्याकडची आणि कोलाम आदिवासींच्या पोडांवरची माणसं तशीही येतात आणि वेगळी मजुरी बुडत नाही. १४४१६ हा मानसिक आरोग्यासाठीच्या टेली-मानस सेवेचा मोफत क्रमांक आशाताईंच्या प्रत्येक रजिस्टरच्या पुठ्ठ्यावर लिहिलेला हवा. त्याच दिवशी, त्याच आवारात बायांची स्वतंत्र बैठक हवी. तिथे येण्यासाठी नवऱ्याने दारू सोडलेली असण्याची अट नको, तो जिवंत असण्याचीही नको. तो सुटेल तेव्हा सुटेल. तिची लेकरं आज रात्री घरात आहेत.