आडवं बोट

गेल्या पावसाळ्यापासून माझ्या डाव्या हाताचं मधलं बोट बधिर आहे. मानेत सातवी नस दबली आहे. लिहिताना, जेवताना, गाडी चालवताना काही अडत नाही. अडतं ते एकाच ठिकाणी. रुग्णाच्या पाठीवर, दोन बरगड्यांच्या मधल्या फटीत हेच बोट मी तेहतीस वर्षं आडवं ठेवत आलो. छातीत पाणी कुठवर चढलंय, ते मला यानेच सांगितलं.

लोकांना वाटतं, आम्ही डॉक्टर छाती ठोकतो आणि ऐकतो. ऐकणं त्यातलं निम्मंच. अमरावतीच्या मे महिन्यात वॉर्डात कूलर धडधडत असतो, शेजारच्या खाटेवर नेब्युलायझर घरघरत असतं. तिथे कान काय पारखणार? खालच्या बोटाला जे जाणवतं, तेच खरं. हवेने भरलेली छाती बोटाखाली उसळते. पाणी असलं की ठोका आत जातो आणि परत येत नाही. माझी आई ज्वारीच्या पत्र्याच्या कोठीवर बोटं वाजवून सांगायची, दिवाळीपर्यंत पुरेल की नाही. झाकण उघडून पाहिल्याचं मला आठवत नाही.

छाती ठोकून तपासण्याची ही रीत मांडणारा डॉक्टर लेओपोल्ड आउएनब्रुगर खानावळवाल्याचा मुलगा. दारूची पिंपं वाजवून पातळी ओळखण्याची रीत त्याने घरी पाहिलेली होती, असं सांगतात. व्हिएन्नाच्या इस्पितळात सात वर्षं तो छात्या ठोकत राहिला, प्रेतांच्या छातीत पाणी भरून त्याने आपला अंदाज पडताळला आणि १७६१ साली पुस्तक छापलं. फारसं कुणी लक्ष दिलं नाही. कॉर्व्हिसार या फ्रेंच डॉक्टरने त्या पुस्तकाचं फ्रेंच भाषांतर केलं ते १८०८ मध्ये, आणि पुढच्याच वर्षी आउएनब्रुगर वारला. त्याने प्रेतात पाणी भरलं, हे मला फार मोठं वाटतं. बोटाने सांगितलेलं त्याने तपासून घेतलं. मी कित्येक वर्षं ते केलं नाही.

माझी अडचण एकच, आणि ती सुटलेली नाही. पाण्याचा मंद ठोका आणि फुफ्फुसाच्या जाड झालेल्या आवरणाचा मंद ठोका, यांत फरक कसा करायचा? पाणी खूप असलं की प्रश्न नसतो. श्वासनलिका पलीकडे ढकललेली असते. आवरण नुसतंच जाड असलं तर बरगड्या जवळ आलेल्या असतात, ती बाजू आखडते. पण आपल्याकडे रुग्ण कधी येतो? दर्यापूरचा, तेल्हाऱ्याचा शेतकरी कापूस वेचून झाल्यावर येतो, धारणीचा त्याहून उशिरा. तोवर थोडं पाणी, थोडं जाड आवरण आणि मधे जाळी, असं सगळं एकत्र झालेलं असतं. ढकलणं आणि ओढणं एकमेकांना फेडून टाकतं, श्वासनलिका मधोमध. उजवीकडे तर खालून यकृताचाही मंदपणा येऊन मिळतो. मग राहतं ते बोट. पाणी दगडासारखं लागतं, जाड आवरण लाकडासारखं, असं मी विद्यार्थ्यांना सांगत आलो. तो फरक मला खरंच लागायचा. आता दोन्ही सारखंच लागतं.

आणि लागायचा तेव्हाही नेहमी बरोबर नसायचा. एक्स-रे लिफाफ्यातच ठेवून पाठीवर पेनाने खूण करायची आणि मग फिल्म उजेडाला धरायची, हा माझा राउंडमधला आवडता क्षण होता. पोरं एकमेकांकडे बघायची आणि मला ते हवं असायचं. मूर्तिजापूरकडची एक बाई होती, पूर्वी टीबी होऊन गेलेला. खुणेवर सुई घातली, काही आलं नाही. तिथेच थांबायला हवं होतं. मी एक फट वर गेलो, आणि सिरिंजमध्ये हवा आली. फुफ्फुसाला भोक पडलं होतं. चार दिवस नळी ठेवावी लागली. तिच्या नवऱ्याला मी सांगितलं, आजारच असा आहे. ते खोटं होतं.

खाटेपाशी नेता येणारी सोनोग्राफी आमच्या वॉर्डात उशिरा आली. या यंत्रावर १९९४ च्या गर्भलिंगनिदानविरोधी कायद्याची नजर असते आणि ती असायलाच हवी. आपण मुलींचं काय केलं ते आपल्याला ठाऊक आहे. पण नोंदणी होऊन यंत्र आल्यावरही मी ते कपाटात ठेवू दिलं, ते माझ्या बोटाच्या अभिमानापायी.

तरीही एक सांगतो. पाणी न काढताच, नुसत्या फिल्मवर टीबीच्या गोळ्या सुरू करणारे अकोल्यात आहेत आणि अमरावतीतही आहेत. मला त्याचा संताप येतो. टीबीच्या पाण्यात जंतू मुळात थोडे, सीबीनॅट या जंतू शोधणाऱ्या चाचणीतही बहुतेकदा सापडत नाहीत. म्हणून पाणी काढलं तरी त्यातला एडीए हा घटक चाळीसच्या वर आला की टीबीच, असं मानायचं. एडीए पूमध्येही वाढतो, लिम्फोमातही वाढतो. सहा महिने गोळ्या खाऊन शेवटी कॅन्सर निघालेले रुग्ण मी पाहिले आहेत. आणि खारपाणपट्ट्यातून किडनी बिघडलेला माणूस दोन्ही बाजूंना पाणी घेऊन येतो, त्यालाही टीबीच्याच गोळ्या! त्याची पाठ कुणी ठोकलेली नसते, पायावरची सूज कुणी दाबून पाहिलेली नसते.

गेल्या गुरुवारी अकरा नंबरच्या खाटेवर दर्यापूरचे एक मामा होते. "साहेब, पानी नोका काढू. एकदा काढलं का मंग दर महिन्याले काढा लागते." ही भीती इकडे घरोघरी आहे. पाणी परत भरतं ते आजारामुळे, काढल्यामुळे नाही, हे त्यांना समजावलं. त्यांना टेबलावरच्या उशीवर ओणवं बसवलं. मी ठोकून खूण केली. माझ्या विद्यार्थिनीने सोनोग्राफीचा प्रोब लावला आणि थोडा वेळ काही बोललीच नाही.

"सर, तुमच्या खुणेखाली आवरण जाड आहे. पाणी बाहेरच्या बाजूला आहे, एक फट खाली."

मी पडद्यावर पाहिलं. तिने स्वतःची खूण केली आणि सुई माझ्याकडे धरली. मी ती तिलाच परत दिली. पाणी तिच्या खुणेवर निघालं, साडेसातशे मिलिलिटर, गवती पिवळं.