डबा एक, पडदे अनेक

बदलापूरहून छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसपर्यंतचे अंतर सुमारे ६८ किलोमीटर. नोकरदाराचे जाऊन-येऊन दिवसाचे जवळजवळ तीन तास लोकलमध्येच सरतात. या तासांची करमणूक बदलापूर, अंबरनाथ आणि उल्हासनगरच्या प्रवाशांनी अनेक वर्षे स्वतःच उभी केली होती. एका कोपऱ्यात टाळांच्या साथीने भजन रंगे, दुसरीकडे मांडीवरील ब्रीफकेसवर पत्त्यांचा डाव पडे, एकाच वर्तमानपत्राची पाने चार हातांत फिरत. सर्वांनाच ते रुचे असे नाही. रात्रपाळीहून परतणाऱ्याला टाळांचा गजर जाचक वाटे. तरीही शेजारच्याच्या घरी कोण आजारी आहे, हे त्या गोंगाटातच कळे.

सप्टेंबर २०१६ मध्ये जिओची सेवा सुरू झाली, मोबाइलवरील इंटरनेट स्वस्त झाले आणि हळूहळू डब्यातील माना खाली झुकल्या. भजनी मंडळे आजही आहेत. परंतु बहुतेकांच्या कानांत आता स्वतःचे इअरफोन असतात.

यातील लाभ लहान नाही. घरी निवांत बसण्याची सवड न मिळणारी नोकरदार स्त्री रात्री मोबाइलवर उतरवून ठेवलेले नाटक महिलांच्या डब्यात दोन दिवसांत पुरे पाहते. फाळणीनंतर सिंधमधून येऊन उल्हासनगरात वसलेल्या कुटुंबातील आजी आपल्या भाषेतील जुनी गाणी हवी तेव्हा ऐकते. दूरदर्शनच्या काळात तिला हे सुख क्वचितच लाभे.

मात्र मोबाइल मागील आवड हेरून पुढील चित्रफीत सुचवितो आणि एक संपताच दुसरी आपोआप सुरू होते. त्यामुळे दुसऱ्याच्या आवडीचे काही सहज कानी पडण्याचा योग दुर्मिळ झाला आहे. २५ जानेवारी १९८७ रोजी ‘रामायण’ मालिका सुरू झाली, तेव्हा एका संचासमोर सारा शेजार जमे. मार्च २०२० च्या टाळेबंदीत ती पुन्हा दाखविली गेली आणि अनेक घरांत आजोबा व नातू एकाच पडद्यापुढे बसले. नातवाने प्रश्न विचारले, आजोबांना उत्तरे देता आली.

टाळेबंदी उठली, तशी ही बैठकही मोडली. ती पुन्हा मांडण्यास खर्च नाही. आठवड्यातील एका संध्याकाळी घरातील एकाने, आळीपाळीने, कार्यक्रम निवडावा आणि इतरांनी मोबाइल बाजूस ठेवून तो शेवटपर्यंत पाहावा. नातवाची पाळी असेल तेव्हाही.